तराजूतली दस्ती

हसणार नसाल तर सांगतो. एका चांगल्या चाललेल्या संसारात मी न्याय करायला गेलो आणि दहा मिनिटांत त्याचं वाटोळं करत आणलं!

मांजरसुंब्याच्या चौकात माझा दोस्त सलीम टरबूज विकतो. माणूस असा, की ट्रकवाला आडवा बोलला तर ट्रकच आडवा करील. पण बायको, नसरीन, गाड्यावर येऊन स्टुलावर बसली की संपलं! "उठा. ते न्हाई, पल्याडचं कापा. आता गप उभे ऱ्हावा." आणि हा पठ्ठ्या गालात हसत म्हणणार, "जी." चारचौघांत! बायकोचा गुलाम झाला हो माझा दोस्त!

त्या दिवशी तिनं फर्मावलं, "सगळी टरबूजं परत पुसा." सलीम पाठ करून पुसायला लागला. ती पोतं ओढायला वाकली. मी म्हटलं, आज बोलायचंच. गाड्यावरची सलीमची दस्ती, म्हणजे त्याचा घामाचा रुमाल, उचलली, घाम पुसला, ती तराजूच्या पारड्यात फेकली आणि नुसता खाकरलो.

नसरीन उठली आणि पांढरीफटक पडली! वा रे माझा दरारा!

पण ती बघत होती सलीमकडं. "का म्हून टाकली दस्ती? कुठं दुखलं तुमाला?"

सलीम वळला. "म्या न्हाई टाकली."

"आजवर कधीच टाकली न्हाई. म्हंजे आजवर सोसत होते तुमी?" तिचा आवाज कापत होता. ती स्टुलापासून बाजूला झाली. "मी न्हाई बसनार आता गाड्यावर."

इथं तरी मी गप बसावं की नाही? छे! "बरोबर हाय भाभी, गड्यानं सोसायचं तरी किती?"

"म्हंजे आण्णाभाईला सांगितलं तुमी?" तिच्या डोळ्यांत पाणी. सलीमनं माझ्याकडं अशी नजर टाकली, की मला वाटलं पुढचं टरबूज मीच!

"आण्णा, दस्ती तू टाकली का बे?"

"घाम पुसला रे फक्त..."

"अरे, गाड्यावर हुकूम तिचा चालावा हे म्याच मागितलंय! दिवसभर चौकाशी भांडून डोकं शिणतं. तिचं ऐकलं की लई हलकं वाटतं. आन् जड झालं, तर दस्ती पारड्यात टाकायची. मग तिचा हुकूम तिथंच थांबनार, असं ठरलंय आमचं."

नसरीन तशीच उभी. "खरं सांगा. एकदा बी जड झालं न्हाई?"

सलीमनं दस्ती उचलून खांद्यावर टाकली. "झालं असतं तर टाकली असती. बसा. हुकूम द्या."

तिनं त्याला निरखून पाहिलं. मग ती हळूच स्टुलावर बसली.

"आधी ह्या आण्णाभाईला गाड्यापासून लांब न्या."

"जी!" म्हणत सलीमनं माझं बखोट धरलं.

घरी येऊन मी बायकोला सगळं सांगितलं आणि म्हणालो, "आपण पण दस्तीचं ठरवू या. मला जड झालं की टाकीन."

ती भाकरी थापता थापता म्हणाली, "ठरवा की. पण कधी टाकायची, ते मी सांगीन."

मी काय म्हणालो असेन?

"जी."