शेवंताची कवळी

तोंडातला आंबटपणा जवळजवळ गेला होता आणि शेवंता हलत नव्हती. मी तिचा हात ओढत होते. हात येत होता, ती येत नव्हती. आमच्या मागे बाजाराच्या ओळी एकेक करून मिटत चालल्या होत्या. आत्ताच जिथून आलो तिथं नुसता पत्रा उभा होता. डावीकडंही पत्रा. उरला होता एक बोळ, तोही अरुंद होत अंगावर येत होता.

"चाल ना वं," मी म्हणाले.

"तू हो पुढं. मी येतो मागून," शेवंता म्हणाली.

तो बाजार आमच्या बीबी गावचा होता, पण माणसांचा नव्हता. तो अंजनाच्या स्वप्नातला होता. अंजना म्हणजे शेवंताची धाकटी बहीण, बाजारात भाजी विकते. आणि शेवंता म्हणजे माझी मैत्रीण, जिला जाऊन आता दीड महिना होतो आहे. ती कशानं गेली हे लोक मला विचारतात, म्हणून एकदाच लिहून टाकते.

आमचा पंथ आहे. नाव लिहिणार नाही, तशी आण आहे. झोपलेल्या माणसाच्या स्वप्नात चालत जायचं आणि तिथं अडकलेल्याला माघारी वळवायचं, एवढंच काम. घरी आम्ही सांगतो की पापड लाटायला जमतो. पापडही खरेच लाटतो, नाहीतर सासवा विचारतात. मी नवी नवरी असताना शेवंतानं मला यात ओढलं. माझी मर्जी विचारली नाही. "तुले पडल्या पडल्या झोप लागते, तू कामाची हाये," एवढंच म्हणाली. यात शिरलेलीला सुटता येत नाही, कारण तिच्या स्वप्नाची वाट बाकीच्यांना ठाऊक झालेली असते. मी एकदा सोडलंच होतं. त्याच दुपारी डोळा लागला, तर माझ्याच स्वप्नात शेवंता माझ्याच ओसरीवर बसलेली. "उद्या पापड हायेत," म्हणाली आणि माझ्याच तांब्यातलं पाणी प्यायली. मी दुसऱ्या दिवशी गेले.

काम दुपारीच, जेवणं झाल्यावर. झोपलेल्याच्या डोक्याला डोकं लावून आडवं व्हायचं, आणि त्याआधी आवळकाठीचा तुकडा टाळूला चिकटवायचा. वाळलेला आवळा लवकर विरघळत नाही. स्वप्नात कशालाच चव नसते. आपल्या तोंडातला आंबटपणा तेवढा सोबत येतो. जिकडं तो वाढतो तिकडं आपलं अंग पडलेलं असतं, म्हणून तीच परतायची वाट. प्रत्येकीनं आपापल्या चवीनं यायचं. हात धरून कुणाला आणता येत नाही.

मागच्या वर्षी शेवंताच्या पोरानं तिला कवळी करून दिली. तिला त्या दातांचा भारी डौल. कुणी पाहत असलं की फुटाणे कडाकडा फोडायची.

"निजताना तरी काढत जा," मी म्हणायची.

"काऊन? तुले पाह्यवत नाही का? आपल्या वयात इतके दात कोणाले हायेत?"

अंजनाला ताप आला. ताप उतरला, पण ती नीट जागी होईना. डोळे उघडायची, कुणाला ओळखायची नाही, पुन्हा झोपायची. दवाखान्यातून घरी पाठवलं. निरोप आला तेव्हा शेवंता कोथिंबिरीच्या जुड्या बांधत होती, तशीच धावली. मातीचे हात पदराला पुसले, तुकडा तोंडात टाळूला दाबला आणि बहिणीशेजारी आडवी झाली; मी तिच्या पलीकडं. पण टाळूवर कवळीचं पातळ पान होतं, दात धरून ठेवणारं. तुकडा त्या पानाला चिकटला... टाळूला लागलाच नाही.

आत शिरल्यावर प्रत्येक वळणावर सोबतिणीला विचारायची रीत आहे. मी विचारायची, "आंबट?" ती म्हणायची, "आंबट." ओळीमागून ओळ झाली. वांग्यांचे ढीग, रिकामी पालं, तागड्या लोंबकळलेल्या, माणूस एकही नाही. कुठूनही वळलं तरी तेच वांग्यांचे ढीग. मी विचारत गेले, ती न चुकता "आंबट" म्हणत गेली.

शेवटी एका पालात अंजना सापडली. वांगी रचत होती. ढीग रचून झाला की घसरायचा, ती पुन्हा रचायची. मी हाका मारल्या, तिनं मान वर केली नाही. शेवंता तिच्यापुढं उकिडवी बसली.

"अंजे, म्हैस सुटली वं, भुऱ्याच्या वावरात शिरली."

अंजना ताडकन उठली आणि पळाली. म्हणजे जागी झाली. आणि जिचं स्वप्न ती जागी झाली की बाजार मिटायला लागतो.

त्या बोळात शेवंतानं माझ्याकडं पाहून दात दाखवले.

"हे काढाचे राह्यले. पह्यल्यापासून तोंडाले काहीच लागून नाही राह्यलं."

"मंग आधी काऊन नाही सांगतलं?"

"सांगतलं असतं तं तू तथूनच माघारी फिरली असती. अंजी राह्यली असती वांगे रचत." मग म्हणाली, "जाय आता. लय तोंड वाजवते तू, आवळा संपून जाईन."

तिनं हात सोडवून घेतला. मी गेले.

मी डोळे उघडले तेव्हा अंजना उठून बसली होती, पाणी मागत होती. शेवंता आमच्या मध्ये तोंड उघडं टाकून झोपलेली. मी तिची कवळी बाहेर काढली, माझ्या तोंडातला उरलेला तुकडा तिच्या टाळूला लावला. उष्टा चालत नाही म्हणतात. मी लावला. ती काही दिवस तशीच झोपून राहिली आणि तशीच गेली. डॉक्टर म्हणाले मेंदूचा झटका. मी हो म्हणाले.

तिचा मुलगा कवळी फेकणार होता, ती मी आणली. माझ्या खोलीत कोनाड्यात वाटीत असते, पाणी मी रोज बदलते. सुनेला किळस येते. आवळकाठीचा तुकडा अजून त्या पानाला चिकटलेला आहे, होता तेवढाच. पापडाचे निरोप येतात, मी जाते. सुटता येत नाही हे सांगितलंच आहे. दुपारी डोळा लागला की माझ्या ओसरीवर पाहून घेते. तिथं कुणी नसतं.

अंजना परवा बाजारात बसली होती. तिला काही आठवत नाही. मला वांगी दिली, घरी येऊन मी ती म्हशीला घातली.

त्या दुपारी तीन बायका झोपल्या होत्या. उठल्या दोघी, अंजना आणि मी.