खिडकीतून गेलेलं वऱ्हाड

नदीकाठच्या ओनित्शा गावच्या बाजारात कापड विकणाऱ्या बायका पुष्कळ होत्या. पण एखादं गिऱ्हाईक दुकानाकडे न बघता पुढे निघालं, की त्याच्या बायकोचं पुढे कसं व्हायचं याची काळजी मोठ्याने करणारी उरेदिया एकटीच. अंगाने भरलेली आणि आवाजाने त्याहून भरलेली बाई. नवरा लवकर गेला, तेव्हा दोन मुलगे तिने कापडाच्या ताग्यांवर वाढवले. थोरला आनायो लॉऱ्या दुरुस्त करायचा. धाकटा ओबिओरा रोज शाळेत जायला निघायचा आणि वाटेतच कुठेतरी रमायचा.

या बाईचं एकाच माणसाशी हाडवैर होतं, जोसाया अनिझोबाशी. हे गृहस्थ कोर्टात दुभाषे होते. गोरा न्यायाधीश इंग्रजीत जे बोले ते हे लोकांच्या इग्बो भाषेत सांगायचे. नोकरी संपली, तरी समोरच्याच्या बोलण्याचा अर्थ सांगायची खोड गेली नाही. बायको म्हणाली, "मीठ संपलंय," की हे म्हणणार, "म्हणजे तुझं म्हणणं असं, की मी बाजारात जावं." ती बिचारी वारली तेव्हा शेवटी काय म्हणाली, ते मात्र त्यांनी कधी कुणाला सांगितलं नाही.

वैराचं कारण म्हणजे निळं कापड. अनिझोबांनी ते उरेदियाकडून घेतलं, अंगरखा शिवला आणि ईस्टरला चर्चमध्ये घालून गेले. ऊन मी म्हणत होतं. प्रार्थना संपेपर्यंत त्यांचा गळा, मनगटं आणि एक कानाची पाळी निळी झाली होती. तसेच ते तिच्या दुकानासमोर येऊन उभे राहिले.

"बाई, हे काय आहे?"

उरेदियाने त्यांना खालपासून वरपर्यंत पाहून घेतलं. "कापड मी विकलं. घाम तुमचा स्वतःचा आहे."

सगळी ओळ हसली. अनिझोबांनी त्या दिवसापासून ती ओळ टाकली. पलीकडे छत्री घ्यायला जायचं असलं तरी मासळीबाजारातून वळसा घालून जाऊ लागले.

आणि नेमकं त्यांच्याच एकुलत्या एक मुलीवर, एबेलेवर, आनायोचं मन बसलं. ती शिक्षिका व्हायला शिकत होती. तिच्या कॉलेजची लॉरी दर आठवड्याला बिघडायला लागली तेव्हा तिथल्या नन्सना आधी शंका आली, मग खात्री पटली.

"मुलात दोष नाही," अनिझोबा म्हणाले. "पण मुलगी त्या बाईच्या घरात द्यायची तर मला आधी बहिरं व्हायला हवं."

निरोप उरेदियापर्यंत पोचायला फार वेळ लागला नाही. "मुलगी गोड आहे," ती म्हणाली. "पण तिच्याबरोबर तो बाप येतो. बाप वजा करून देत असतील तर बघू."

एवढ्यात लढाई आली. नदीपलीकडून तोफा धडधडू लागल्या आणि ओनित्शा रस्त्यावर आलं. कुणी शिवणयंत्र उचललं, कुणी म्हाताऱ्या आईला. उरेदियाने आत धाव घेतली ती उंची कापडाचं गाठोडं घ्यायला. धूर घरात घुसला होता. हाताला जे जड लागलं ते तिने डोक्यावर घेतलं आणि पळत सुटली. गाव मागे पडल्यावर ओबिओरा म्हणाला, "आई, तू उखळ आणलंस."

तिने थांबून डोक्यावर हात फिरवून पाहिला. खरंच, कसाव्याचे कंद कुटायचं लाकडी उखळ होतं.

"मग?" ती म्हणाली. "मला माहीत नाही असं वाटलं काय तुला?"

वाटेत लोक हसायचे. जीव वाचवायला निघालेली बाई डोक्यावर उखळ घेऊन चाललीय म्हणून बोटं दाखवायचे. तिने ते टाकलं नाही, कारण टाकलं असतं तर चुकून आणलं हे कबूल करावं लागलं असतं.

असं मुक्काम करत, उठत, मायलेक ओर्लूच्या बाजूला एका शाळेत पोचले. शाळा निर्वासितांनी गच्च भरली होती. व्यवस्था बघणाऱ्या माणसाने तिला अर्धा वर्ग दाखवला. मधोमध आडवा फळा लावला होता. फळ्याच्या पलीकडे एक खुर्ची, एक छत्री आणि एक पांढरी टोपी होती. टोपीखाली जोसाया अनिझोबा होते.

"मला दुसरी खोली द्या," उरेदिया म्हणाली.

"बाई, दुसरी जागा आंब्याखाली आहे."

"यांच्या म्हणण्याचा अर्थ असा," अनिझोबा वर न बघता म्हणाले, "की तुम्ही इथेच राहणार."

अडचण अशी होती, की दार त्यांच्या बाजूला होतं आणि खिडकी तिच्या. बाहेर जायचं तर तिला त्यांच्या अर्ध्यातून जावं लागे. दरवेळी ते खाकरायचे, म्हणजे तिने परवानगी मागावी. ती मागायची नाही, उलट चाल हळू करायची. बदला म्हणून उन्हाच्या वेळी ती खिडकीत अशी बसायची, की पलीकडे वाऱ्याची झुळूक म्हणून जाऊ नये. बापाबरोबर आलेली एबेले मधल्या फळ्याशी बसून शाळेतल्या पोरांना बेरजा शिकवायची आणि दोन्हीकडचं ऐकून मान खाली घालून हसायची. आनायो फौजेच्या लॉऱ्या दुरुस्त करायला गेला होता. त्याच्या आईच्या शेजारी राहायला मिळालं याचा आनंद ती बापापासून लपवून होती.

विमानं येऊ लागली तशी शाळेमागे चर खणला आणि वर ताडाच्या झावळ्या टाकल्या. पांढरं काही अंगावर ठेवायचं नाही, वरून दिसतं, अशी सक्त ताकीद होती. एके दिवशी भर दुपारी घरघर ऐकू आली. सगळे चराकडे धावले. उरेदिया चराच्या तोंडाशी अडकली. आतून दोन बायका ओढत होत्या, बाहेरून अनिझोबा छत्रीच्या दांड्याने ढकलत होते आणि "माफ करा" म्हणत होते. शेवटी दोघं एकदमच आत कोसळली. उरेदिया उठून बसते तो समोर ती पांढरी टोपी.

"टोपी काढा."

"ही टोपी मला कोर्टाने निरोप देताना..."

"दुभाषेसाहेब, माझ्या बोलण्याचा अर्थ असा, की टोपी काढा, नाहीतर मी डोक्यासकट काढते."

तिने उत्तराची वाट पाहिली नाही. टोपी ओढली, बुडाखाली ठेवली आणि तिच्यावर बसली. बॉम्ब मिशनच्या शेतात पडला. चराच्या भिंतीतून माती सगळ्यांच्या अंगावर आली. विमान गेल्यावर उरेदियाने उठायचा प्रयत्न केला. अनिझोबांनी हात पुढे केला. ती उठली आणि तिच्याखालून निघालेली टोपी पापडासारखी चपटी झालेली दिसली. अनिझोबांनी ती दोन्ही बाजूंनी निरखली आणि हसू लागले. हसता हसता त्यांना ठसका लागला. आई गेल्यापासून बाप पहिल्यांदाच हसतोय, हे एबेलेच्या ध्यानात आलं. ती त्यांच्या पाठीवरची माती झटकत राहिली.

मग उपासमार आली. मीठ दिसेनासं झालं. शाळेच्या भिंतींवरचे सरडेही दिसेनासे झाले आणि ते कुठे गेले हे कुणी विचारलं नाही. आता त्या साऱ्या वस्तीत उखळ म्हणून एकच होतं. ज्याला कुठून कसाव्याचं मूळ मिळे तो ते घेऊन उरेदियाकडे येई आणि कुटून झालं की मूठभर मागे ठेवून जाई. रस्त्यात हसलेली एक बाईही आली.

"तेव्हा तुम्हाला हसले मी," ती ओशाळून म्हणाली.

"हस की. दात असेपर्यंत हसून घे," उरेदिया म्हणाली आणि मुसळ तिच्याच हातात दिलं.

उरेदियाचं उखळ शब्दशः पांढरं झालं. पण मागे राहिलेल्या मुठींतलं बहुतेक एबेलेच्या वर्गातल्या, पोटं फुगलेल्या पोरांकडे जायचं. थोडं फळ्याखालून पलीकडे सरकायचं.

"हे काय?" पलीकडून आवाज यायचा.

"कुटताना तुमच्या बाजूला उडालं. वाया कशाला घालवायचं?"

"वाटीसकट उडालं?"

"वाऱ्याने," उरेदिया म्हणायची.

त्याच दिवसांत ओबिओरा पाणी आणायला गेला असता शिपायांनी त्याला रस्त्यावरून उचलून भरती करून नेलं. कुणीतरी रिकामी घागर आणून दिली. पुढे त्याची काही खबर आली नाही. उरेदिया त्याच्याबद्दल बोलेना. कुटताना मात्र तिचा हात मध्येच थांबायचा. अनिझोबांनी दाराशी खाकरायचं बंद केलं ते त्या आठवड्यापासून. ती दारातून गेली की ते पाय आखडून वाट करून द्यायचे.

असा बराच काळ गेल्यावर आनायो एकाएकी रजेवर आला. जवळच तोफगोळा फुटल्याने त्याचा डावा कान गेला होता. आल्या आल्या तो अनिझोबांपुढे उभा राहिला.

"बाबा, पुढची रजा मिळेल की नाही ठाऊक नाही. मला एबेलेशी आत्ता लग्न करायचंय."

"तुला एका कानाने ऐकू येत नाही म्हणे?"

"नाही येत."

अनिझोबांनी फळ्याकडे नजर टाकली. "मग आईच्या घरात सुखाने राहशील. मी तयार आहे. पण रीतीने व्हायला हवं. वराकडची माणसं आपल्या घरून निघून माझ्या दाराशी मागणी घालायला आली पाहिजेत. एकाच खोलीत उठून इकडून तिकडे सरकलं, की झालं लग्न, असं मी चालू देणार नाही."

"निघून कुठून येऊ?" फळ्यापलीकडून उरेदिया म्हणाली. "माझ्या घराला दारच नाही."

"खिडकी आहे," अनिझोबा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळी शाळा मैदानात जमली. वराकडचं वऱ्हाड खिडकीतून उतरू लागलं. आधी आनायो गेला, मग शेजारच्या वर्गातला एक म्हातारा गेला. त्याला काका म्हणून उसना घेतला होता. उरेदिया चौकटीत चढली तसे लोक चराची आठवण काढून हसायला तयार झाले. पण ती सहज बाहेर पडली. दोन्ही बाजूंना एकेक माणूस मावेल एवढी जागा उरली होती. हसू कुणाच्याच तोंडून फुटलं नाही. तिने ते पाहिलं.

"बघता काय?" ती अंगावरचं कापड सावरत म्हणाली. "सुनेला भीती वाटू नये म्हणून बारीक झालेय."

तेव्हा मात्र सगळे हसले.

वऱ्हाड शाळेला वळसा घालून दाराशी आलं. दारात अनिझोबा चपटी टोपी घालून खुर्चीत बसले होते.

"कोण आलंय?"

"काल रात्री घोरत होतात तेव्हा पलीकडे जागी होते, ती."

"रीतीने बोला."

उरेदियाने घसा साफ केला. "तुमच्या अंगणात एक फूल पाहिलं. ते मागायला आलोय."

"रताळी, बकरी, कापड, ताडी आणलीत?"

"बकरी निघाली होती. वाटेत माणसं भेटली तिला, भुकेली. कापडाचं म्हणाल, तर माझं कापड तुम्हाला सोसत नाही. ताडी आहे." तिने भोपळ्याचा एक लहान तुंबा पुढे केला. ताडी उसन्या काकाने स्वतः झाडावर चढून काढली होती, म्हणून तो लंगडत होता. शेवटी तिने कमरेची गाठ सोडली आणि केळीच्या पानाची पुडी दिली. आत मीठ होतं.

लोक पुढे सरकून बघू लागले. अनिझोबांनी बोटाच्या टोकाने एक कण जिभेवर ठेवला आणि बराच वेळ डोळे मिटून बसले.

"वराकडून कोण कोण आलंय?" त्यांनी विचारलं.

"हा मुलगा. हा त्याचा काका. मी त्याची आई." उरेदियाने आपल्या डावीकडच्या मोकळ्या जागेकडे हात केला. "आणि हा धाकटा, ओबिओरा."

अनिझोबा खुर्चीतून उठले. जमलेल्यांकडे वळून, कोर्टात बोलायचे त्या आवाजात ते म्हणाले, "वराची आई सांगते, की वराचा भाऊ हजर आहे. मी त्याला पाहिलं. त्याला बसू द्या."

कुणीतरी एक बाक आणून त्या जागी ठेवला. मग अनिझोबांनी खिशातून, पाहुण्यांपुढे रीतीने फोडतात ते कोलाचं एक फळ काढलं. ओनित्शाहून निघताना घेतलेलं ते वाळून दगड झालं होतं. प्रार्थना झाली, पण फळ काही फुटेना. शेवटी ते उखळात घालून फोडलं आणि जो तो आपला तुकडा गालात ठेवून दिवसभर चघळत राहिला. एबेलेने भोपळ्यातली ताडी पेल्यात घेतली, रीतीप्रमाणे गर्दीत नवरा शोधत असल्याचं नाटक केलं, उसन्या काकापर्यंत जाऊन त्याला आशा लावली आणि मग आनायोच्या हातात पेला दिला.

लढाई त्यानंतर संपली. आनायो चालत परत आला, ओबिओरा आला नाही. ओनित्शाच्या घराला छप्पर नव्हतं आणि अनिझोबांच्या जागी तर घरच नव्हतं. तेव्हा बाप वजा न होता मुलीबरोबर उरेदियाकडे आला आणि शेवटपर्यंत राहिला. बाजारात उरेदियाने पुन्हा कापड मांडलं. अनिझोबा रोज तिच्या शेजारी स्टुलावर बसायचे आणि गिऱ्हाइकांना तिच्या बोलण्याचा अर्थ समजावून सांगायचे. त्याने धंदा वाढतो की बुडतो, यावर दोघांचं कधी एकमत झालं नाही.

एबेलेला मुलगा झाला तेव्हा नावावरून आठवडाभर घर डोक्यावर घेतलं गेलं. अनिझोबांना लांबलचक नाव हवं होतं, देव, धीर आणि विजय तिन्ही असलेलं. उरेदियाला ओबिओरा हवं होतं. आनायोने आपला बरा कान उशीत दाबला. शेवटी आजोबा एका नावाने हाक मारू लागले आणि आजी दुसऱ्या. पोरगं मोठं हुशार निघालं. ज्याच्या हातात खाऊ असेल त्याच्या नावाला ओ द्यायचं.