दोन चंद्रांचं कॅलेंडर

धारूरच्या बाजारात झेरॉक्सचं दुकान चालवणारे एक गृहस्थ फावल्या वेळात एका राज्याची गोष्ट लिहितात. त्या राज्यात दोन चंद्र आहेत, नऊ दिवसांचा आठवडा आहे आणि सीताफळ नावाचा एक महिना आहे. तिथलं अख्खं कॅलेंडर त्यांनी बिघडलेल्या प्रतींच्या पाठीवर आखून भिंतीला चिकटवलंय.

"आज तिकडं काय तारीख?" मी गेल्या गेल्या विचारतो. ते चष्मा कपाळावर सरकवून गंभीरपणे सांगतात. एकदा म्हटलं, सीताफळ महिना जरा लांबवा की. तर चिडले. "चंद्र काय माज्या बापाचे हायेत का?"

परवा बोलता बोलता मी म्हणालो, धाकट्या भावाशी वर्षभर बोलणं नाही. ते भिंतीकडं बघत राहिले.

"आज तिकडं मोकळा दिवस हाय, सर. दोनी चंद्र संगंच मावळतेत. आज जो आधी बोलंल त्याला कमीपणा न्हाई. लावा फोन."

मी हसत हसत लावला. "दादा, जेवलास का?" भाऊ म्हणाला.

पुढच्या खेपेला मी कॅलेंडर जवळून पाहिलं. मोकळा दिवस मुळात अठरा दिवस पुढं होता. व्हाइटनर लावून त्यांनी तो अलीकडं आणला होता, आणि तिथून वर्षाच्या शेवटापर्यंत सगळ्या तारखा नव्यानं लिहिल्या होत्या.