राहू दिलेलं पिल्लू
वेखंडाचा वास आला की कंग्राळीच्या घरातली बाळंतिणीची खोली आठवते. सातव्या महिन्यातच झालेली मुलगी आक्काने नुकतीच दवाखान्यातून घरी आणली होती. बघायला येणाऱ्या बायका नाक बापाचं, कपाळ आजीचं अशी वाटणी करायच्या आणि उंबऱ्याबाहेर जाऊन हळूच म्हणायच्या, "लई बारीक हाय गं." आक्काला ते ऐकू जायचं. मी तिच्या सोबतीला बसून हातातल्या व्हिडिओ गेममध्ये अंडी उबवायचो. "काय करतोस रं सारखं?" तिने एकदा विचारलं. मी उत्साहाने सांगितलं, चांगली जोडी लावली की आईचा वेग, बापाची ताकद पिल्लात उतरते. "आणि न्हाय उतरली तर?" "सोडून द्यायचं. दुसरं अंडं घ्यायचं." ती बाळाची कुंची नीट करत राहिली. तेवढ्यात अंडं फुटलं. पिल्लाला ना वेग, ना ताकद. माझा अंगठा सोडून द्यायच्या बटणावर गेला तशी ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे की रं ते." मी राहू दिलं. काल माझा तोच गेम खेळता खेळता तीच भाची, आता शाळेत जाणारी, वैतागली, "मामा, एवढं कमजोर पिल्लू पहिल्या नंबरला कशाला ठेवलंयस?" मी म्हटलं, "तुझ्या आईला विचार."