स्तोयानोवा म्हणजे स्तोयानची

वहिनी गेल्याचा निरोप खामगावला माझ्या शाळेत आला. सोनाळ्याच्या एसटीच्या कंडक्टरने तो आणला होता. मी वर्गाबाहेर आले तर तो एवढंच म्हणाला, "बाई, तुमच्या गोऱ्या वहिनी गेल्या." मला रडू आलं नाही. त्यांची कावीळ वाढत गेली तशी मी दर शनिवारी जाऊन उशाशी बसत होते, आणि माणूस फार थकलं की बातमी ऐकल्यावर आधी कुठेतरी टेकावंसं वाटतं... महिना उलटला. भेटायला येणारे अजून विचारतात, त्यांचं ते नाव काय होतं, आणि त्याचा अर्थ काय? सांगून सांगून शिणले, म्हणून लिहायला बसले.

नाव रादका स्तोयानोवा. माझा थोरला भाऊ धोंडबा, महाराष्ट्र राज्य नवं होतं तेव्हा, भाजीपाल्याची शेती शिकायला बल्गेरियाला गेला होता. सोनाळ्याला आमचा मळा, त्यामुळे घरात सगळ्यांना त्याचं कौतुक. परतला तो लग्न करूनच. आई कित्येक दिवस सुनेशी बोलली नाही. ताट वाढायची, पुढे सरकवायची आणि निघून जायची. एका दुपारी मेथी निवडता निवडता तिने मान वर न करता विचारलं, "कोणाची व तू?" आमच्याकडे कोणत्याही पोरीला हेच विचारतात. तेवढं वहिनींना आता समजत होतं. त्या म्हणाल्या, "स्तोयानोवा."

ओट्यावर बसलेला दादा म्हणाला, "आडनाव हाय तिचं. स्तोयानची, असा अर्थ. आपण 'ची' म्हणतो, तिकडं 'ओवा' म्हणतेत. हिचा भाऊ स्तोयानोव, अन् हे पोरगी म्हणून स्तोयानोवा."

"मंग स्तोयान हिचा बाप?"

"नाही. बापाचा आजा."

मग वहिनी त्यांच्या भाषेत सांगत गेल्या आणि दादा आईला आमच्या भाषेत. त्या पणजोबाच्या आईची मुलं जगत नव्हती. एक झालं की जायचं. शेवटी जो मुलगा झाला, त्याचं नाव तिने स्तोयान ठेवलं. त्यांच्याकडे उभं राहणं, थांबणं याला जो शब्द आहे त्यावरून आलेलं नाव. मूल थांबावं म्हणून ठेवलेलं. ते थांबलं, आणि पुढची सगळी माणसं त्याची म्हणूनच ओळखली जाऊ लागली.

आईच्या हातातली जुडी तशीच राहिली. दादाच्या आधीची तिची दोन लेकरं गेली होती. म्हणून तर तिने त्याचं नाव धोंडबा ठेवलं होतं, धोंड्यासारखा टिकावा म्हणून. ती म्हणाली, "मंग हे आपल्याच घरचं नाव हाय." आणि जुडी वहिनींकडे सरकवली. "घे, निवड."

सुनेसाठी तिने राधा हे नाव मनात धरलं होतं, ते पुन्हा काढलं नाही; रादका स्तोयानोवा हे पूर्ण नाव तसंच राहू दिलं. आत्याने टोकलं, "सुनेले माहेरचंच नाव काऊन ठेवलं?" आई म्हणाली, "कोण्या मायनं लेकरू जगावं म्हणून ठेवलेलं नाव हाय ते. मी काऊन पुसू?" पुढे मीरा झाली, तेव्हा दादा लेकीला मांडीवर घेऊन म्हणाला, "तिकडं असती तं हे धोंडोवा झाली असती." वहिनी पोट धरून हसल्या होत्या...

मीरा शाळेत जायच्या आधीच दादाला मळ्यात साप चावला. बैलगाडी जोडून दवाखाना गाठेपर्यंत सारं संपलं होतं. वहिनी आता जाणार, असंच गाव धरून चालला होता. आईनेच एकदा त्यांना जवळ बसवलं. "पोरी, तू जाय तुह्या गावी. तुही माय हाय तिथं. मी नाही अडवत." इथल्या बाया बोलतात तसंच वहिनी म्हणाल्या, "मी राह्यतो."

त्या राहिल्या. मळा पाहिला, बाजाराच्या दिवशी टोपल्या घेऊन बसल्या, आई अंथरुणाला खिळली तेव्हा तिचं न्हाणंधुणं केलं. तिकडे त्यांची स्वतःची आई गेली, ते त्यांना फार उशिरा कळलं. त्या दिवशीही त्यांनी वांग्यांना पाणी दिलं.

शेवटच्या आजारात त्यांच्या पायांना तेल चोळताना मी म्हणाले, "वहिनी, तुमी नावाले जागल्या." त्यांचे डोळे मिटलेले होते. "नाव ठेवणारी मोकळी झाली, कुसुम," त्या म्हणाल्या. "उभं मले राहा लागलं." मग म्हणाल्या, "पाय लई दुखले व." मी तेल चोळत राहिले.

परवा सोनाळ्याला गेले. मीरा घरात एकटीच होती, चुलीपुढे बसून. चूल पेटवलेली नव्हती. मी विचारलं, "येशीन का माह्यासंगं खामगावले?" तिने मान आडवी हलवली. आता आणखी समजावायची माझ्यात ताकद नव्हती. पिशवी उचलली आणि दाराबाहेर येऊन चपला घालू लागले. वहिनींच्या मुलखात होकाराला मान आडवी हलवतात आणि नकाराला वरखाली. बोली त्यांनी सगळी आमची घेतली, ही सवय काही गेली नाही. भाजीचं गिऱ्हाईक 'नाही' समजून माघारी वळायचं आणि वहिनींना हाक मारून त्याला परत बोलवावं लागायचं. मागे साखळी वाजली. वळून पाहिलं, तर मीरा काखेत कपड्यांचं बोचकं धरून घराला कुलूप लावत होती.