आधी वाट पाहणाऱ्याला

सुधाकर दांडगे गेल्याची बातमी मला मुंबईहून नाही, त्याच्या गावाहून, हसनाबादहून कळली. सकाळी त्याच्या थोरल्या भावाचा, रामभाऊंचा फोन आला. "सुधा गेला," एवढंच ते म्हणाले; मागे त्यांच्या अंगणातल्या कोंबड्यांचा आवाज येत होता. हृदयविकाराचा झटका, मुंबईतलं रुग्णालय, हे तपशील नंतर समजले. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत छोटी बातमी आली : एका खासगी मराठी वाहिनीच्या ज्येष्ठ अधिकाऱ्याचं निधन. नाव बरोबर होतं, जिल्हा चुकला होता. सुधाकर जालन्याचा. आयुष्याची बरीच वर्षं त्यानं इतरांच्या नावापुढचे तपशील बिनचूक ठेवले होते, म्हणून ही चूक जरा खटकली.

आमची ओळख एक्क्याऐंशी सालची, जालन्याच्या कॉलेजातली. गॅदरिंगच्या नाटकात एका प्रवेशात टांगा आल्याचा नुसता आवाज हवा होता. नारळाच्या करवंट्या वाजवून काम भागलं असतं. सुधाकरनं स्टेशनावरून खराखुरा टांगा आणला, घोड्यासकट. घोडा फळ्यांची उतरण चढून रंगमंचावर आला, टाळ्या पडल्या, आणि मग तो खाली उतरेना. टांगेवाला विंगेतून ओरडत होता, "आणलं तुम्ही, आता न्यायचं बी तुम्हीच बघा, साहेब!" नायक-नायिकेनं पुढचा विरहाचा प्रवेश घोड्याच्या साक्षीनं केला. नाटकाला बक्षीस मिळालं नाही, पण सुधाकरचं नाव झालं. काही आणायचं असलं की लोक त्याच्याकडे जाऊ लागले : सतरंज्या, पेट्रोमॅक्स, जीप, आमदारांची वेळ. अभिनय त्याला येत नव्हता आणि त्याचं त्याला वाईटही वाटत नव्हतं.

त्याच बळावर तो मुंबईला गेला. आधी एका नाट्यसंस्थेत सामानाची व्यवस्था पाहिली, मग टीव्हीसाठी मालिका करणाऱ्या एका निर्मात्याकडे लागला आणि काही वर्षांत प्रॉडक्शन मॅनेजर झाला. हे काम काय असतं ते घरी कुणालाच कळत नव्हतं. हसनाबादला टीव्ही ज्यांच्याकडे होता त्यांच्या ओसरीवर त्याची आई मालिकेच्या वेळी जाऊन बसे आणि निराश होऊन परत येई. सुट्टीत आला की विचारी, "सगळे दिसतेत, तूच काहून दिसत न्हाईस रे?" सुधाकर म्हणे, "माय, लग्नात पंगतीला वाढणारा कधी फोटोत येतो का?" तिला ते पटलं असावं. त्यानंतर ती शेजारणींना सांगू लागली, आमचा सुधा टीव्हीत वाढपी हाय.

वर्णन चुकीचं नव्हतं. मालिकेत पडद्यावर जे दिसतं त्याच्या आधी कुणाला तरी जागा ठरवावी लागते, परवानगी काढावी लागते, पन्नास माणसांचं जेवण वेळेवर आणावं लागतं, रुसलेल्या नटाला गाडीत बसवावं लागतं आणि ज्याच्या दारात हा सगळा पसारा मांडायचा त्याची समजूत काढावी लागते. सुधाकर हे विनातक्रार करी. त्याच्या बोलण्यात आवाज चढलेला मी कधी ऐकला नाही. तारखा त्याला तोंडपाठ असत. कोण कुठे मोकळा, कुणाच्या घरी लग्न, कुठल्या गावात कधी जत्रा. "आपला धंदा म्हंजे लोकायला वाट पाहायला लावायचा," तो एकदा म्हणाला, "फक्त त्यायला तसं वाटू द्यायचं न्हाई."

नव्वदच्या आसपास त्याच्या निर्मात्यानं खेड्यातली एक मालिका घेतली. दिग्दर्शकाला पिकलेल्या ज्वारीतून चालत येणारी नवी नवरी हवी होती. सुधाकरनं त्याला हसनाबादला आणलं, रामभाऊंचं शेत दाखवलं. हुरड्याचे दिवस होते. दिग्दर्शक हुरडा खाऊन आणि वाऱ्यावर डुलणारी कणसं बघून इतका खूश झाला, की त्यानं तिथंच ठरवलं, हेच शेत. सुधाकरनं भावाला एवढंच सांगितलं, "दादा, आम्ही येईस्तोवर काढू नको." रामभाऊ म्हणाले, "न्हाई काढत." लिहून काही घ्यायचा प्रश्नच नव्हता. दोन भावांतलं बोलणं ते.

काढणीची वेळ आली. गावातली शेतं एकेक करून मोकळी झाली, खळी भरली. इकडे नायिकेच्या तारखा पुढे गेल्या, मग पुन्हा पुढे गेल्या. मी तेव्हा जालन्यात एका वर्तमानपत्राचा बातमीदार होतो; सुधाकर माझ्या कचेरीत फोन करी आणि मी निरोप पोचवत असे : अजून थोडं थांबा. मी स्वतः तेव्हा ते शेत पाहिलं आहे. आजूबाजूला सगळी काळी ढेकळं आणि मधे एकटी उभी ज्वारी. शिवारातली सगळी पाखरं तिच्यावर येऊन पडलेली. रामभाऊ मचाणावर गोफण घेऊन आणि वहिनी बांधावर पत्र्याचा डबा घेऊन दिवस दिवस हाकलत होते. येणारे-जाणारे थांबून टोमणे मारत. "काय रामभाऊ, पाखरायलाच शूटिंग दाखवून राह्यले का?" रामभाऊ गोफण न थांबवता म्हणत, "तिकीट हाय. तू बी काढ." वहिनी मात्र मला म्हणाल्या होत्या, "भाऊजीला सांगा, आभाळ काय आपल्या शब्दात न्हाई." हे मी फोनवर जसंच्या तसं सांगितलं. सुधाकर म्हणाला, "बस, हा हप्ता."

त्याच आठवड्यात मुंबईत निर्णय बदलला. खर्च वाढत होता म्हणून तो प्रसंग मुंबईजवळच कुठेतरी उरकायचं ठरलं. ठरल्याबरोबर सुधाकर फोनवर बसला. जालन्यातल्या लॉजच्या खोल्यांची नोंद रद्द केली, जीपवाल्याला कळवलं, जेवणवाल्याला कळवलं, कलाकार, कॅमेरामन, तहसील कचेरी, सगळ्यांना कळवलं. भावाला शेवटी ठेवलं. नंतर त्यानं मला याचं कारण सांगितलं तेव्हा ते मला लगेच समजलं, कारण आपल्याकडे सगळे हेच करतात : परक्याला वाईट वाटायला नको म्हणून त्याला आधी, घरचा काय, घरचाच आहे. समजून घेईल. मधे दोन दिवस नव्या जागेच्या धावपळीत गेले. तिसऱ्या दिवशी त्यानं माझ्याकडे फोन केला, मी मोटारसायकल काढली... पण आदल्या संध्याकाळी गारांसकट अवकाळी पाऊस येऊन गेला होता. शेत आडवं झालं होतं. कणसं चिखलात. रामभाऊ बांधावर उभे होते. मी निरोप दिला. ते म्हणाले, "कधी ठरलं हे?" मी खरं ते सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि विचारलं, "चहा घेणार का?"

यावर भावाभावांत भांडण झालं नाही. झालं असतं तर बरं झालं असतं, असं सुधाकर पुढे म्हणे. दरवर्षी हसनाबादहून त्याच्या मुंबईच्या घरी ज्वारीचं एक पोतं जात असे. त्या वर्षीही गेलं. त्यानं पोतं सोडलं तर आत पांढरीशुभ्र, टपोरी ज्वारी. रामभाऊंनी ती गावातल्या दुसऱ्याकडून घेतली होती आणि स्वतःच्या घरी वर्षभर काळ्या पडलेल्या दाण्याची भाकरी खाल्ली. सुधाकरला हे वहिनींकडून कळलं. तो गावी गेला, भावासमोर बसला, विषय काढला. "दादा, ज्वारीचं..." रामभाऊ म्हणाले, "झालं ते. जेव आता." नंतर कधीही विषय निघाला नाही.

या प्रकरणामुळे त्याचं आयुष्य बदललं, असं लिहायचा मोह होतो. तसं काही झालं नाही. त्याचं काम वाढलं ते खासगी वाहिन्या आल्यामुळे. त्यांना मालिका कशी उभी राहते, कुठे पैसा वाया जातो, हे माहीत असलेली माणसं हवी होती. सुधाकर आधी एका वाहिनीत निर्मितीचा प्रमुख झाला, मग त्याहून वर गेला. अंधेरीत काचेची केबिन, दारावर पाटी, गाडी. मी एकदा भेटायला गेलो तेव्हा तो खुर्चीच्या कडेला बसला होता, कुणी उठवलं तर लगेच उठता यावं तसा. "इथं काही आणावं लागत न्हाई गड्या," तो म्हणाला, "नुसतं हो-न्हाई म्हणायचं. पगार त्याचाच."

एक काम मात्र त्यानं कुणाला दिलं नाही. चित्रीकरण रद्द झालं किंवा पुढे गेलं की पहिला फोन तो स्वतः करी, आणि तो फोन नटीला नसे, दिग्दर्शकाला नसे. ज्याचं घर, ज्याचं शेत, ज्याचं अंगण घेतलं होतं, त्याला असे. माझ्यासमोर एक दिग्दर्शक चिडला होता. "दांडगेसाहेब, मॅडम निघाल्यात घरून. आधी त्यांना थांबवा!" सुधाकर फोनचे आकडे फिरवत म्हणाला, "मॅडमला परत जायला गाडी हाय. ह्या बाईनं आपल्यासाठी सकाळपासून अंगण सारवून ठेवलंय, लेकरायला पाय ठेवू देत नसंल." त्याच्या हाताखालची मुलं यावर हसत. नवीन कुणी आलं की जुने सांगत, इथे रद्द करायची एक रीत आहे, ती पाठ कर. कारण कुणालाच ठाऊक नव्हतं. त्यानं सांगितलं नव्हतं.

आमची शेवटची भेट जालना स्टेशनवर झाली. तो गावाहून परत निघाला होता. गाडीला वेळ होता, बाकावर बसलो. एकदम म्हणाला, "दादा तुझ्याजवळ कधी काही बोलला का रे... ज्वारीचं?" मी म्हणालो, "नाही." "तेच तर," तो म्हणाला. "बोलला असता तर कळलं असतं, सुटलो का न्हाई." गाडी आली. त्यानं पिशवी उचलली.

तो गेल्यावर काही आठवड्यांनी त्याच्या वाहिनीनं मुंबईत शोकसभा ठेवली. रामभाऊंना बोलावणं आलं. मी त्यांना गाडीत बसवून देणार होतो, म्हणून ते दुपारीच माझ्या घरी आले, नवं धोतर, कापडी पिशवी, पिशवीत कचेरीतल्या लोकांसाठी वहिनींनी केलेले धपाटे. स्टेशनवर जायला निघणार तोच त्यांचा मोबाइल वाजला. वाहिनीतल्या एका मुलीचा. रामभाऊंना फोन लांब धरून बोलायची सवय, त्यामुळे मला सगळं ऐकू आलं.

"काका, उद्याची सभा पुढे गेली. मोठ्या साहेबांना दिल्लीला जावं लागतंय. तुम्ही गाडीत बसायच्या आधी कळावं म्हणून घाईनं फोन केला."

"बरं केलं बाई. बाकीच्यायला कळवलं का?"

"नाही, आता करते. तुमचा पहिला."

"माझा काहून पहिला? मोठे मोठे लोक येणार होते म्हणं."

"आमच्याकडे तसंच असतं, काका. जो तयारी करून वाट पाहतोय, त्याला आधी. दांडगेसरांनी लावलेली शिस्त आहे."

"कधीपासून?"

"ते नाही माहीत. मी आले तेव्हापासून आहे."

रामभाऊंनी फोन ठेवला. मुलीला ज्वारीचं काही ठाऊक नव्हतं, हे त्यांना कळलं होतं आणि मलाही. मग त्यांनी पिशवीतून धपाट्यांचा डबा काढला, झाकण उघडलं आणि माझ्यासमोर सरकवला.

"घे," ते म्हणाले. "सभेपर्यंत टिकायचे न्हाईत." एक तुकडा स्वतः मोडला. तो हातातच ठेवून म्हणाले, "एवढी वर्षं ज्वारीचं बोललो न्हाई मी त्याच्याशी... तो मात्र रोज मलाच फोन लावून राह्यला होता."