सावताचा घास

लातूरच्या डॉक्टरांनी बायकोला घरी सोडताना एकच गोष्ट बजावून सांगितली. पोटात काही गेलं नाही तर नाकातून नळी घालावी लागेल. गिळता येतंय, म्हणाले, पण त्या गिळत नाहीत. उजवं अंग लकव्यानं गेलं होतं, बोलणं तुटक झालं होतं, पण नळीचं नाव काढलं की ती डाव्या हातानं नाक झाकून घ्यायची.

नळी काय असते हे तिला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक होतं. सात वर्षं ती इस्रायलला एका ज्यू म्हातारीच्या घरी राहून तिची सेवा करत होती. तिकडं आजीला सावता म्हणतात, तीही त्या म्हातारीला सावताच म्हणायची. सावताला शेवटपर्यंत हातानं भरवलं, नळी लागू दिली नाही, हे ती फोनवर लई अभिमानानं सांगायची. म्हातारी गेली, ही निलंग्याला परत आली, आणि वर्ष व्हायच्या आत हिनंच अंथरूण धरलं.

मऊ भात केला, मुगाचं वरण केलं, ज्वारीची आंबील केली. सगळं ओठांवरून खाली. माझा जन्म एसटीत कंडक्टरकी करण्यात गेला, लोकांवर खेकसायची सवय. एका दुपारी मी आंबिलीची वाटी अंगणात भिरकावली आणि म्हणालो, "मर मग उपाशी." ती माझ्याकडं बघत राहिली. मग डाव्या हातानं तिनं चादरीचं टोक धरलं, तिरकं दुमडून त्रिकोण केला, कडा बोटानं दाबली आणि दोन टोकं एकमेकांना जोडायला लागली. एका हातानं ते जमेना, तरी करत राहिली होती.

मी ओळखलं. क्रेपलाख.

म्हणजे कोंबडीचं सारण भरलेली, पाण्यात उकडलेली लहानशी करंजीच. त्यांच्या मोठ्या उपासाच्या आदल्या दिवशी ते लोक रश्शात घालून खातात. सावतानं तिला शिकवलं होतं. एकदा सुटीवर आली तेव्हा तिनं मला करून खाऊ घातलं, तेही परसात तीन विटा मांडून, कारण माझी आई माळकरी. घरात अंडं चालत नाही. आई तेव्हा दारात उभी राहून शेजारणीला ऐकू जाईल असं म्हणाली होती, "लोकाच्या म्हातारीचं हागणंमुतणं काढती, अन् सासूच्या पायाला तेल लावायला हिला येळ न्हाई." असं ती सात वर्षं म्हणत आली. डोक्यावरचा स्लॅब सुनेच्या कमाईचा होता, त्याच्याखाली बसून म्हणायची.

मी पुन्हा विटा मांडल्या. मैदा, अंडी, मीठ, थोडं तेल. कणीक मळणं मला काय माहीत, हाताला चिकटून कोपरापर्यंत आली. आई दारातून बघत होती. "घरचं झालं थोडं अन् व्याह्यानं धाडलं घोडं," म्हणाली आणि आत गेली. कोंबडी उकडून बारीक केली, तांबूस तळलेला कांदा आणि मिरपूड घातली. पापडासारखी पोळी लाटून चौकोन कापले. पहिली खेप पाण्यात फुटली आणि सारण सगळं वर आलं. मी विळी, लाटणं, नशीब, सगळ्यांना शिव्या दिल्या. दुसऱ्या खेपेला कडांना पाणी लावून दाबल्या, तेव्हा टिकल्या.

वाटीत रस्सा घेतला, दोन करंज्या सोडल्या आणि मऊ जावं म्हणून वर चमचाभर तूप घातलं. तिनं वास घेतला आणि वाटी सरकवली. मी कपाळावर हात मारला. सावताच्या घरात मांसाला दूधदुभतं लागू देत नाहीत, भांडीसुद्धा वेगळी. निलंग्यात खाटेवर पडून ही तिकडचं सोवळं पाळत होती. तेव्हा मला कळलं की ती माझ्या घरात नाहीच.

तूप न घालता नवी वाटी आणली. आता तिनं चमचा घेतला. पण स्वतःच्या तोंडाशी नेईना. खोलीभर बघितलं. शेजारच्या बाजेवर आई शाल पांघरून बसली होती, पांढऱ्या केसांची. "सावता," ती म्हणाली, आणि चमचा आईच्या दिशेनं पुढं केला.

ती मागं मला सांगायची, "म्हातारीचं झाल्याबिगर माझ्या घशाखाली उतरत न्हाई." आधी तिला भरवायचं, मग उरलेलं आपण खायचं. सात वर्षांची रीत. मी म्हणालो, "मी खातो, दे." तिनं माझा हात झटकला. तिची खाट बाजेला लागूनच होती. चमचा आईच्या तोंडापुढं थांबला, रस्सा आईच्या लुगड्यावर गळायला लागला. आईनं मान फिरवली. बायको रागावली नाही. तिकडच्या भाषेत काहीतरी पुटपुटत राहिली, लहान लेकराची समजूत घालावी तसं.

"ही मला कोण समजायली?" आईनं विचारलं.

"त्या म्हातारीला."

माळ घातलेल्या बाईला कोंबडी खा म्हणून कोणत्या तोंडानं सांगणार? आणि सांगावंसं तर वाटत होतंच. आतल्या आत मी दोघींवर जळत होतो.

"मी खाल्लं तर ही खाईल?"

"मला ठाऊक न्हाई, आई."

आईनं माळ गळ्यातून काढली. ती अंबाड्यात अडकली, मी सोडवली. माळ माझ्या हातात दिली आणि तिनं तोंड उघडलं.

बायकोनं चमच्याच्या कडेनं करंजी अर्धी केली, फुंकर घातली, डाव्या हातानं घास भरवला. घास उतरला का ते बघायला दोन बोटं आईच्या गळ्याला लावली. मग पदरानं आईचे ओठ टिपले. मग दुसरा घास. आईचे डोळे वाहत होते, ती गिळत होती. शेवटी बायकोनं वाटीतलं उरलेलं स्वतः खाल्लं.

पुढं रोज तसंच. आई आधी, मग ती. पावसाळ्याच्या आधी दुसरा झटका आला आणि ती गेली. नळी लागली नाही.

दिवसपाणी झाल्यावर मी माळ आईपुढं धरली. माळ घालणाऱ्या महाराजांना विचारलंय, म्हणालो, घालता येती पुन्हा. तिनं हात लावला नाही.

"मला जन्मात कुणी असं भरवलं न्हाई," ती म्हणाली. "माझ्या आईनंबी न्हाई. पण सुनेनं त्या म्हातारीला भरवलं. मी नुसतं तोंड उघडलं."